हीरोचा ठोसा तुमच्या मानेत असतो

वाचकाचं पत्र

ताई, मी ३४ वर्षांचा आहे. लहानपणापासून कराटे, पुढे वुशू ही चिनी युद्धकला. गेली अकरा वर्षं अ‍ॅक्शन चित्रपटांत काम करतोय. चाळीसेक चित्रपटांत नायकाचा मार खाल्लाय, पण पात्राला नाव असलेल्या भूमिका फक्त तीन. शेवटच्या चित्रपटात मी खलनायकाचा उजवा हात होतो. साडेतीन मिनिटांची फाइट शूट झाली, पडद्यावर सव्वा मिनिट आली आणि मी मारलेला एकही ठोसा त्यात उरला नाही. आता एका अ‍ॅक्शन डायरेक्टरने विचारलंय, असिस्टंट म्हणून येतोस का? हो म्हटलं तर कॅमेऱ्यापुढचं संपलं असं वाटतं. नाही म्हटलं तर पुन्हा फोनची वाट बघणं. बायको म्हणते, हे सगळं सोड आणि क्लास काढ. डावा गुडघा वर्षभर दुखतोय, पण युनिटमध्ये कुणाला सांगितलेलं नाही. मी आयुष्यभर तिसरा गुंडच राहणार का?

— तिसरा गुंड

उत्तर

प्रिय तिसरा गुंड,

आधी एक कबुली देते. मी कधी अभिनय केला नाही. माझं आयुष्य संकलनाच्या टेबलावर गेलं. म्हणजे तुमचे ठोसे कापणारी जी जमात आहे, तिच्यातलीच मी. म्हणून तुमच्या तक्रारीपासूनच सुरुवात करते. पत्रात खरी ठसठस तिथेच आहे, असिस्टंटचं नंतर बघू.

साडेतीन मिनिटांची सव्वा मिनिट करायची झाली की सगळ्यात आधी दुसऱ्या माणसाची चढाई जाते. कधीकधी ती नायकाच्या मर्जीखातर जाते, हे मी नाकारणार नाही. ‘साहेबांना एवढे फटके बसताना दाखवू नका’ हे वाक्य मी ऐकलंय आणि मुकाट्याने कात्री चालवलीय. पण पुष्कळदा कारण याहून साधं असतं. फटका बसलाय हे पटवायला मारणाऱ्यापेक्षा खाणाऱ्याचा शॉट जास्त उपयोगी पडतो. नायकाची मूठ हवेतून जाते. ती कुणाला लागत नाही, निदान लागू नये. तुमची मान किती झटक्यात वळली, पाय जमिनीपासून कसे सुटले, श्वास कुठे अडकला, यावरून त्या मुठीचं वजन ठरतं. मरतुकड्या नायकाला मी टेबलावर पैलवान केलंय ते समोरच्या फायटरच्या जिवावर. आणि सोन्यासारखी किक मारणारे नायक हास्यास्पद झालेलेही पाहिलेत, कारण समोरचा अर्धा क्षण आधीच पडायला लागला होता.

हे हाँगकाँगवाल्यांना फार आधी कळलं. त्यांनी कपड्यांवर पावडर मारून ठेवली, म्हणजे लाथ बसली की धूळ उडावी. सेकंदाला २४ऐवजी २२ किंवा २० फ्रेमनी शूट करून वेग वाढवला. फटका दोन शॉटमध्ये तोडताना दुसरा शॉट दोन-तीन फ्रेम मागून सुरू केला. डोळ्यांना ती पुनरावृत्ती कळत नाही, पण घाव दुप्पट जड वाटतो. या सगळ्या युक्त्या एका गोष्टीवर उभ्या आहेत: खाणाऱ्याने तो फटका प्रत्येक टेकला त्याच ठिकाणी, त्याच वेळी, तितक्याच खरेपणाने खायला हवा. तो चुकला की पावडर, वेग, फ्रेम सगळं वाया.

माझ्या टेबलावरची एक गोष्ट सांगते. एका मोठ्या हाणामारीत नायक मध्यभागी होता आणि कडेला, फोकसच्याही बाहेर, एक फायटर पडत होता. कॅमेरा त्याच्यासाठी नव्हताच. सात टेक होते. सातही टेकमध्ये तो पोटावर मार खाऊन आधी कोपरावर येत होता, मग खांद्यावर, आणि शेवटी एक बोट हलवून थांबत होता. मला त्याचा चेहरा आजही माहीत नाही, त्याला मी कोपरावरून ओळखायचे. पुढच्या तीन चित्रपटांत तो कोपर दिसला की मी तो शॉट अर्धा सेकंद लांब ठेवायचे. का, ते दिग्दर्शकालाही कधी सांगितलं नाही. तुमचे ठोसे कुणीतरी कापले, हे खरंच. तुमचं पडणंही कुणीतरी असंच जपलं असेल, पण ते तुम्हाला कळवायला कुणी फोन करत नाही.

आता तुमचा मोठा प्रश्न. तो विचारताना तुमच्या डोळ्यांसमोर नायक आहे, असं पत्रावरून वाटतं. तो जरा बाजूला ठेवा आणि युएन वा या माणसाकडे बघा.

हाँगकाँगमध्ये यु जिम-युएन यांची पेकिंग ऑपेराची, म्हणजे गाणं आणि कसरतींच्या चिनी नाट्यप्रकाराची, शाळा होती. जॅकी चॅन, सॅमो हुंग, युएन बियाओ, कोरी युएन हे सगळे तिथले. युएन वाही तिथलेच. ‘फिस्ट ऑफ फ्युरी’ १९७२ साली आला आणि ‘एंटर द ड्रॅगन’ १९७३ साली. या चित्रपटांत ब्रूस ली कोलांटी मारताना दिसतात तिथे बऱ्याचदा उडी युएन वा यांची असते. जगाने टाळ्या वाजवल्या त्या पाठमोऱ्या माणसाला, आणि त्याचा चेहरा दिसला तर शॉट बाद. तुम्हाला निदान मार खाताना चेहरा तरी मिळतो!

पण पुढे त्यांनी काय केलं, ते नीट पाहण्यासारखं आहे. ऐंशीच्या दशकात सॅमो हुंग यांच्या चित्रपटांत ते खलनायक म्हणून येऊ लागले. ‘ईस्टर्न काँडर्स’ (१९८७) मध्ये ते व्हिएतनामी जनरल आहेत. हातात पंखा, तोंडात बारीक खिदळणं, आणि मग अचानक सुटणारा भयंकर वेग. पुढच्या वर्षी ‘ड्रॅगन्स फॉरएव्हर’मध्ये तोच माणूस तोंडात सिगार धरून लढतो. अंगातली कसरत तीच, गुरूही तेच. पण पंखा आणि सिगार यांनी दोन वेगळी माणसं उभी केली. त्या दोन चित्रपटांतल्या किती लाथा प्रेक्षकांना आठवत असतील, शंकाच आहे. ते खिदळणं मात्र कानातून जात नाही. मग २००४ साली ‘कुंग फू हसल’ आला. बायकोच्या धाकातला, खोलीभाडं वसूल करणारा, लोचट घरमालक, जो आतून ताई चीचा उस्ताद निघतो, ती भूमिका त्यांची. तिच्यासाठी २००५ साली त्यांना हाँगकाँग चित्रपट पुरस्कारांत सर्वोत्कृष्ट सहायक अभिनेत्याचा मान मिळाला. कोलांट्यांपासून मोजलं तर तीस वर्षांहून जास्त काळ गेला होता.

तुमच्या त्या तीन नाव असलेल्या भूमिका आठवा. त्यांच्या हातात काय होतं? ते चालायचे कसे? मार पडण्याआधी कुणाकडे बघायचे? उत्तर ‘काही ठरवलं नव्हतं’ असं असेल, तर तुमची अडचण ठोसे कापले जाण्याच्या बरीच आधी सुरू झाली आहे.

लाम चिंग-यिंग यांचं उदाहरण तुमच्या वयाला जास्त लागू पडेल. अंगाने सडपातळ, त्यामुळे सुरुवातीला त्यांना बायकांचे डबल म्हणून, म्हणजे स्टंटच्या शॉटमध्ये नट्यांच्या जागी, उभं करत. १९७१च्या ‘द बिग बॉस’पासून ते ब्रूस ली यांच्या अ‍ॅक्शनच्या कामात मदतनीस होते. पुढे सॅमो हुंग यांच्या टीममध्ये आले आणि १९८१च्या ‘द प्रॉडिगल सन’मध्ये ऑपेरात स्त्रीपात्रं रंगवणाऱ्या, विंग चुन या चिनी युद्धकलेच्या उस्तादाची भूमिका त्यांना मिळाली. ज्या शरीरामुळे त्यांना बायकांच्या कपड्यांत उभं केलं जायचं, त्याच शरीरावर ही भूमिका बेतल्यासारखी बसली. १९८५ साली ‘मिस्टर व्हॅम्पायर’ आला. त्यातला जोडभुवयांचा, शिस्तीचा, मनातून वैतागलेला ताओ पुरोहित त्यांनी असा उभा केला की पुढे लोकांनी त्यांना दुसऱ्या कशात फारसं पाहूच दिलं नाही. तेव्हा ते ३२ वर्षांचे होते आणि पडद्यावर पन्नाशीचे वाटत होते. त्यानंतर आयुष्यभर तोच पुरोहित, थोड्याफार फरकाने. १९९७ साली, ४४व्या वर्षी, यकृताच्या कर्करोगाने ते गेले. एका साच्यात अडकणं हा शाप की नशीब, यावर मी बरीच वर्षं स्वतःशी वाद घातलाय. आज माझं मत असं: ज्याला साचाच मिळालेला नाही, त्याने साच्याची भीती बाळगू नये.

शिह किएन यांचं तर नावच साचा होऊन बसलं. १९४९पासून क्वान टाक-हिंग हे वाँग फेई-हुंग या लोकनायकाची भूमिका करत राहिले, आणि समोर दुष्ट म्हणून पुन्हा पुन्हा शिह किएन. हाँगकाँगमध्ये खलनायक म्हटलं की लोकांच्या तोंडी त्यांचं नाव. जगाने त्यांना पाहिलं ते ‘एंटर द ड्रॅगन’मधला हान म्हणून, साठाव्या वर्षी, आणि तेही इंग्रजी आवाज दुसऱ्याच अभिनेत्याचा होता. ते ९६ वर्षं जगले.

युएन सिउ-तिएन यांचंही उदाहरण लोक नेहमी देतात. १९७८ साली ‘ड्रंकन मास्टर’मधला दारुडा गुरू होऊन म्हातारपणी ते प्रसिद्ध झाले. खरं आहे, पण त्यांच्यावर विसंबू नका. तो चित्रपट दिग्दर्शित करणारे युएन वू-पिंग हे त्यांचे चिरंजीव, आणि पुढच्याच वर्षी जानेवारीत वडील वारले. साठीनंतर फळ यायला घरात दिग्दर्शक मुलगा असावा लागतो, आणि हाती वेळही असावा लागतो.

मला स्वतःला सगळ्यांत जवळचा वाटतो तो जपानचा एक तलवारखाऊ. सेइझो फुकुमोतो पंधराव्या वर्षी क्योटोच्या तोएई स्टुडिओत शिरले आणि आयुष्यभर सामुराईपटांत मरत राहिले. किती वेळा मेले याचा आकडा पन्नास हजारांच्या घरात सांगतात. जपानीत या कामाला स्वतंत्र शब्द आहे, ‘किरारेयाकु’, म्हणजे कापला जाणारा नट. त्यांचं मरण ओळखू यायचं. घाव बसला की कोसळण्याआधी ते कोळंबीसारखे मागे वाकायचे, इतके की आता कणा मोडतो असं वाटावं. मरण्याची सही होती ती. ‘द लास्ट सामुराई’ (२००३) मध्ये नायकामागे सावलीसारखा फिरणारा, जवळजवळ संपूर्ण चित्रपटभर गप्प राहणारा म्हातारा सामुराई आठवतो? तेच. मुख्य भूमिका त्यांना पहिल्यांदा मिळाली २०१४ साली, सत्तरी ओलांडल्यावर, आणि पात्र कुणाचं? आयुष्यभर पडद्यावर मरत आलेल्या एका नटाचं.

आणि अल लिओंग. अमेरिकन अ‍ॅक्शन चित्रपटांतला लांब मिशांचा हस्तक, ज्याचं नाव कुणाला ठाऊक नसतं आणि चेहरा सगळ्यांना ठाऊक असतो. ‘डाय हार्ड’ (१९८८) मध्ये पोलिस इमारतीवर चाल करून येताहेत, हा बंदूक घेऊन काउंटरमागे दबा धरून बसलाय. समोर चॉकलेटं मांडलेली. तो एकदा इकडेतिकडे बघतो आणि एक उचलून खायला लागतो. बोलणं नाही, मारामारी नाही, काही सेकंदांचं काम. पस्तीसहून जास्त वर्षं झाली, लोक अजून त्या चॉकलेटबद्दल बोलतात. असा शॉट माझ्यासारखी बाई कधीच कापत नाही. तो काढला तर प्रसंगातला माणूसच निघून जातो आणि नुसत्या बंदुका उरतात.

तेव्हा तुमच्या शोरीलमधल्या, म्हणजे काम मागताना दाखवायच्या निवडक शॉटच्या व्हिडिओतल्या, त्या फिरक्या किका मागे न्या. सगळ्यांच्या शोरीलमध्ये त्याच किका असतात, मला पाहून पाहून कंटाळा आलाय. पहिल्या वीस सेकंदांत तुमचा चेहरा हवा: हरणार हे कळल्यावरचा, खोटं बोलतानाचा, साहेबांचा हुकूम मनाविरुद्ध पाळतानाचा. असे शॉट तुमच्याकडे नसतील तर मित्राकडून शूट करून घ्या. आवाजावरही काम करा. वर्षानुवर्षं ‘आऽऽ’ करून पडणाऱ्याला चार वाक्यं मिळाली की तो ती ओरडतो.

आता असिस्टंटचं. घ्या.

कॅमेऱ्यापुढचं संपेल ही तुमची भीती मला कळते, पण ज्या परंपरेत तुम्ही काम करता तिथे या दोन बाजू कधी वेगळ्या नव्हत्याच. ‘द प्रॉडिगल सन’च्या अ‍ॅक्शनला १९८३ साली हाँगकाँग चित्रपट पुरस्कार मिळाला, त्या मानकऱ्यांत लाम चिंग-यिंगही होते. सॅमो हुंग अभिनय करायचे, फाइट बसवायचे आणि दिग्दर्शनही करायचे. इंडोनेशियाचे यायन रुहियान हे मुळात सिलाट ही तिथली युद्धकला शिकवणारे. ‘द रेड’ (२०११) च्या फाइट त्यांनी इको उवैस यांच्याबरोबर बसवल्या आणि त्यातला मॅड डॉग हा खलनायकही स्वतः केला. बुटका, किडकिडीत माणूस. हातात पिस्तूल असताना ते बाजूला ठेवून हातघाईवर येतो, त्या एका निर्णयाने पात्र उभं राहतं. पुढच्या भागात दिग्दर्शकाने त्यांना वेगळंच पात्र देऊन परत घेतलं, कारण मॅड डॉग तर मेला होता!

हाँगकाँगी पद्धतीत फाइट चार-सहा हालचालींच्या तुकड्यांत शूट होते. प्रत्येक तुकड्याला कॅमेरा कुठे ठेवायचा ते अ‍ॅक्शन डायरेक्टर ठरवतो, कट कुठे पडणार तेही त्याच्या डोक्यात असतं. म्हणजे तुमचे ठोसे राहणार की जाणार याचा निकाल पुष्कळदा माझ्यापर्यंत येण्याआधीच लागलेला असतो, त्या मॉनिटरशेजारी. तुम्हाला तिथे उभं राहायला बोलावताहेत आणि तुम्ही मला विचारताय, जाऊ का?

आणखी एक कारण आहे, जरा कोरडं. नव्वदच्या दशकाच्या सुरुवातीला हाँगकाँगमध्ये वर्षाला दोनशेहून जास्त चित्रपट बनत. २००५च्या सुमारास ती संख्या पन्नासच्या आसपास आली. तेव्हा ज्यांना फक्त पडता येत होतं ते घरी बसले. ज्यांना बसवताही येत होतं त्यांना बाहेरून बोलावणी आली: युएन वू-पिंग ‘द मेट्रिक्स’ला गेले, कोरी युएन ‘एक्स-मेन’ला. त्याच ‘मेट्रिक्स’मध्ये नायकाचे डबल होते चॅड स्टाहेल्स्की, त्यांनी २०१४ साली ‘जॉन विक’ दिग्दर्शित केला. तुमच्या धंद्याला अशी ओहोटी कधी लागेल ते कुणी सांगू शकत नाही. ऑस्करवाल्यांनीही आता स्टंट डिझाइनसाठी पुरस्कार जाहीर केलाय, २०२७मध्ये प्रदर्शित होणाऱ्या चित्रपटांपासून. इतक्या उशिरा का, हा वेगळा लेख होईल.

पण हो म्हणताना तोंडी हो म्हणू नका. श्रेयनामावलीत तुमचं नाव असिस्टंट म्हणून आणि भूमिका असेल तर नट म्हणूनही, दोन्हीकडे, असं लिहून घ्या. ऑडिशनसाठी सुट्टी मिळेल का, ते आधी विचारा. आणि प्रत्येक चित्रपटात एक छोटं काम, पात्र म्हणून, मागून घ्या. लाजू नका. फाइट बसवणाऱ्याला स्वतःसाठी चांगली जागा शोधता येत नसेल तर मग कुणाला येणार? धोका एकच दिसतो. रोजचं काम, रोजचा मान, फोनची वाट नाही, या आरामात तीन-चार वर्षं कशी जातात ते कळत नाही. वर्षभरात एकही पात्र केलं नाही असं झालं, तर मला पुन्हा लिहा. तेव्हा मी इतकी गोड बोलणार नाही.

गुडघा. इथे मी खरंच रागावलेय. हाँगकाँगमध्ये स्टंटवाल्यांना ‘लुंग फू मो सी’ म्हणत, ड्रॅगन आणि वाघाचे उस्ताद, आणि ‘नाही’ न म्हणणं ही त्यांची शान होती. त्या शानेवर अमर झालेले शॉट मी हजारदा पाहिलेत, आणि त्या शानेने किती माणसं मोडली, तेही त्या स्टंटवाल्यांनीच सांगितलंय. ‘आर्मर ऑफ गॉड’च्या शूटिंगच्या वेळी जॅकी चॅन झाडावरून पडले आणि कवटी फुटली. पहिला टेक ठीक झाला होता, त्यांना आणखी चांगला हवा होता. ते नायक होते, चित्रपट त्यांचा होता, म्हणून सगळं युनिट त्यांच्यासाठी थांबलं. तुमच्यासाठी जेवणाच्या सुट्टीइतकंही थांबणार नाही. तुमच्या कपड्यांत दुसरा उभा राहील, आणि माफ करा, पाठमोऱ्या शॉटमध्ये मला फरकही कळणार नाही.

दुखणारा पाय लपवणाऱ्याचं टायमिंग आधी बिघडतं. तुम्ही त्या पायावर वजन टाकायला कचरत असणार. तुम्हाला ते जाणवत नसेल, समोरच्याला जाणवतं. तुमच्यामुळे त्याचा दात पडला तर? आणि असिस्टंट म्हणून उद्या पोरांना उंचीवरून उडी मारायला सांगणार तुम्हीच. स्वतःची दुखापत लपवणारा माणूस दुसऱ्याची दुखापत विचारत नाही, हे मी सेटवर पाहिलंय.

बायकोच्या म्हणण्याबद्दल थोडकंच. क्लास वाईट नाही. यायन रुहियान शिकवतच होते. पण बायकोला नक्की कशाची भीती वाटते, ते विचारलंत का? पत्रात ते नाही. मला दाट संशय आहे की गुडघ्याचं घरी माहीत आहे आणि क्लासचा विषय तिथूनच निघालाय. रात्री जिना चढताना कठडा धरणारा नवरा कुणाच्या नजरेतून सुटेल?

आयुष्यभर तिसरा गुंड राहाल का? तिसरा राहणार नाही असं वाटतं. दुसरा व्हाल. पहिला होण्याची शक्यता फार कमी आहे. ३४व्या वर्षी हे सांगणारं तुम्हाला आजवर कुणी भेटलं नसेल तर वाईट वाटतं, पण मी सांगून टाकते. दुसऱ्याच्या जागेवर मात्र खूप मोकळीक असते. नायकाला देखणं राहावं लागतं. तुम्हाला पंखा घेता येतो, खिदळता येतं, चॉकलेट खाता येतं.

अ‍ॅक्शन डायरेक्टरला अजून होकार कळवू नका. आधी अस्थितज्ज्ञाकडे जा, एमआरआय करा, रिपोर्ट घेऊन त्याला समोरासमोर भेटा आणि गुडघ्याचं त्याला पहिल्यांदा तुमच्याच तोंडून कळू द्या. रिपोर्ट पाहून त्याने ऑफर मागे घेतली, तर तेही मला कळवा. मग क्लासबद्दल सविस्तर बोलू.

तुमची,
ताई